चेहरा एकाचा, आवाज दुसऱ्याचा : व्लादिमीर कोरेनेव्ह यांची कारकीर्द

प्रास्ताविक

भरताने नाट्यशास्त्रात अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले आहेत, हे तुम्हांला परिचित आहे. परीक्षेत हे चार प्रकार आपण ओळीने लिहितो आणि पुढच्या प्रश्नाकडे वळतो. परंतु हे चारही प्रकार एकाच नटाच्या ठायी असतात, हे त्यामागचे गृहीतक आपण सहसा तपासून पाहत नाही. रंगभूमीवर ते गृहीतक निर्विवाद असते. ज्याचा हात हलतो त्याचाच कंठ बोलतो. चित्रपटाने मात्र हे चार प्रकार एकमेकांपासून सुटे करून दाखविले. हालचाल एकाची, चेहरा त्याचाच, पण वाणी भलत्याचीच, अशी रचना चित्रपटात शक्य झाली.

या घटकात आपण सोव्हिएत विज्ञानपटातील एका अभिनेत्याच्या कारकिर्दीच्या आधारे हा विषय समजून घेणार आहोत. या अभिनेत्याचे नाव व्लादिमीर कोरेनेव्ह. आपल्याकडे तार्कोव्हस्कीचे नाव चित्रपटरसिकांना ठाऊक असते. कोरेनेव्ह यांचे बहुधा नसते. त्यांच्या स्वतःच्या देशातही पुष्कळांना ते केवळ एका भूमिकेच्या नावाने ठाऊक होते आणि त्या भूमिकेत ऐकू येणारा आवाज त्यांचा नव्हता. भाषेच्या अभ्यासकाला एवढे कारण पुरेसे आहे.

कादंबरी आणि तिचा लेखक

अलेक्सांद्र बेल्यायेव्ह (१८८४–१९४२) हा रशियन विज्ञानकथेचा एक आद्य लेखक. मणक्याच्या क्षयाने तो कित्येक वर्षे अंथरुणाला खिळून होता. दीर्घकाळ प्लास्टरमध्ये जखडून पडलेल्या या माणसाने आपल्या कथांतून मानवी देहाला जी मोकळीक दिली, ती वाचताना मन थबकते. १९२८ साली त्याची ‘चेलोव्येक-अम्फिबिया’, म्हणजे ‘उभयचर मानव’, ही कादंबरी प्रसिद्ध झाली. साल्वातोर नावाचा एक शल्यविशारद एका बालकाच्या देहात शार्क माशाचे कल्ले बसवितो. ते मूल वाढते, समुद्रात स्वच्छंद विहरते, कोळ्यांमध्ये ‘समुद्री सैतान’ म्हणून त्याची दहशत पसरते; आणि मग एका मुलीच्या ओढीने ते जमिनीवर, माणसांच्या बाजारात येते. पुढे काय होणार हे सांगायला विज्ञानकथेची गरज नाही.

शीर्षकातील शब्दाकडे जरा पाहू. ‘अम्फिबिया’ या मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ ‘दोन्हीकडे जगणारा’. मराठीने (संस्कृतच्या आधाराने) घडविलेला ‘उभयचर’ हा शब्द मात्र ‘दोन्हीकडे संचार करणारा’ असे सांगतो. ग्रीक शब्दाने जगणे पाहिले, आपल्या शब्दाने चालणे-फिरणे पाहिले. एकाच वस्तूला नाव देताना दोन भाषांनी तिचे दोन वेगळे धर्म निवडले. या कथेचा नायक मात्र दोन्हीकडे संचार करू शकतो, पण जगू कोठेच शकत नाही. म्हणून या एका संदर्भात आपला शब्द ग्रीक शब्दापेक्षा अधिक नेमका ठरला, असे माझे मत आहे.

नायकाचे नाव इख्तिआंद्र. तेही ग्रीकच : ‘इख्थिस’ म्हणजे मासा आणि ‘अँद्रोस’ हे ‘पुरुष’ या अर्थाच्या शब्दाचे षष्ठीचे रूप. येथे मी ‘ख’ लिहिला आहे, परंतु रशियन उच्चारातील हा स्वन आपल्या ‘खडू’तील ‘ख’ नव्हे. आपला ‘ख’ हा महाप्राण स्फोटक; जिभेचा मागचा भाग मृदुतालूला टेकतो, हवा अडते आणि मग झटक्यात सुटते. रशियन स्वन घर्षक आहे. हवा अडत नाही, घासून जाते. लिपी तीच ठेवून परकी नावे लिहिताना आपण नेहमीच अशी तडजोड करतो. ती करावी, पण तडजोड आहे हे ध्यानात ठेवावे.

हवेचा उल्लेख आलाच आहे, तर बेल्यायेव्हच्याच दुसऱ्या एका कथेचा निर्देश करतो. ‘प्राध्यापक डॉवेलचे शिर’ या कथेत धडावेगळे केलेले एक शिर प्रयोगशाळेत जिवंत ठेवलेले असते. ते पाहते, विचार करते, पण बोलू शकत नाही. कारण फुफ्फुसेच नाहीत. कंठाकडे हवा सोडणारी एक तोटी उघडल्यावरच त्याला वाचा फुटते. स्वनविज्ञानाच्या पहिल्या पाठात आपण जे शिकतो, की सामान्यतः उच्चारणासाठी फुफ्फुसांतून येणारा हवेचा प्रवाह लागतो, ते या लेखकाने किती अचूक पकडले आहे! वाणी म्हणजे घडविलेली हवा. पाण्यात राहणाऱ्या नायकाची कथा लिहिणाऱ्याला याची जाण होती, हे पुढच्या विवेचनासाठी लक्षात ठेवा.

भूमिका

कोरेनेव्ह यांचा जन्म २० जून १९४० रोजी सेवास्तोपोल या काळ्या समुद्रावरील बंदरात झाला. वडील नौदलात अधिकारी. बालपणानंतरचा काही काळ बाल्टिक किनाऱ्यावरील तालिन शहरात गेला आणि नाटकाचा छंद तेथेच जडला. पुढे मॉस्कोच्या ‘गितीस’ या नाट्यशिक्षणसंस्थेतून ते १९६१ साली पदवी घेऊन बाहेर पडले आणि त्याच वर्षी मॉस्कोतील स्तानिस्लाव्हस्की नाट्यगृहात रुजू झाले. याच सुमारास लेनिनग्राडच्या ‘लेनफिल्म’ या चित्रसंस्थेने बेल्यायेव्हच्या कादंबरीवर चित्रपट हाती घेतला होता. दिग्दर्शक दोन : व्लादिमीर चेबोतार्योव्ह आणि गेन्नादी काझान्स्की. नायकाच्या भूमिकेसाठी कोरेनेव्ह यांची निवड झाली. निळे डोळे, सडपातळ बांधा आणि चेहऱ्यावर एक प्रकारचा कोवळा विस्मय असलेला हा तरुण चित्रपटसृष्टीला तोवर जवळजवळ अपरिचित होता.

नायिका गुत्तिएरेच्या भूमिकेत अनास्तासिया व्हेर्तिन्स्काया होत्या. चित्रीकरणाच्या वेळी त्या अवघ्या सोळा वर्षांच्या होत्या. खलनायक झुरिता रंगविला मिखाईल कोझाकोव्ह यांनी, आणि साल्वातोर झाले निकोलाय सिमोनोव्ह, ज्यांना सोव्हिएत प्रेक्षक ‘पहिला पीटर’ या चित्रपटातील सम्राट म्हणून ओळखत होते. बंदराच्या गल्ल्या बाकू शहराच्या जुन्या भागात चित्रित झाल्या; समुद्राखालची दृश्ये क्रिमियाच्या किनाऱ्यावर. छायालेखक एदुआर्द रोझोव्हस्की.

पाण्याखालच्या अभिनयाविषयी थोडे विस्ताराने सांगायला हवे, कारण या भूमिकेचा खरा पराक्रम तेथे आहे. आज असे दृश्य संगणकावर घडवितात. त्या वेळी नटाला प्रत्यक्ष पाण्यात उतरावे लागे. कोरेनेव्ह यांनी त्यासाठी पाणबुड्याचे शिक्षण घेतले आणि पाण्याखालची बरीचशी दृश्ये स्वतः केली. अडचण अशी, की इख्तिआंद्र हा पाण्यात श्वास घेणारा प्राणी. त्याच्या पाठीवर प्राणवायूची टाकी दिसून चालणार नाही. म्हणजे नटाने मदतनीस पाणबुड्याच्या नळीतून हवा घ्यायची, नळी सोडायची, मदतनीस दृश्याबाहेर जायचा आणि नटाने दम रोखून अभिनय करायचा. तोही कसा? धडपड दिसता कामा नये. पाणी हे आपले घर आहे असे वाटले पाहिजे. डोळ्यांवर काच नसताना पाण्याखाली मानवी डोळ्याला सारे अंधूक दिसते; तरी नजर कोठेतरी रोखलेली असली पाहिजे. एकीकडे देह हवेसाठी कासावीस होत असताना चेहरा निवांत ठेवायचा, याला मी सात्त्विक अभिनयाची कठोर परीक्षा म्हणेन. खवल्यांसारखा चमचमणारा पोशाख, माशाच्या पंखासारखा तुरा आणि मोठ्या डोळ्यांचे शिरस्त्राण ही आहार्याची बाजूही तितकीच परिणामकारक होती.

चित्रपट जानेवारी १९६२ मध्ये प्रदर्शित झाला. तो ६ कोटी ५५ लाख प्रेक्षकांनी पाहिला आणि त्या वर्षीच्या सोव्हिएत चित्रपटांत तो अग्रस्थानी राहिला. आंद्रेय पेत्रोव्ह यांची गाणी देशभर गुणगुणली गेली. एकविशीतल्या कोरेनेव्ह यांना पत्रांचे ढीग येऊ लागले. रशियन समाजात इख्तिआंद्र हे नाव चांगला पोहणाऱ्या कोणालाही चिकटू लागले. विशेषनामाचे सामान्यनाम झाले, जसे आपल्याकडे ‘नारद’ किंवा ‘कुंभकर्ण’ यांचे झाले आहे.

आवाज

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. चित्रपटात इख्तिआंद्र बोलतो तेव्हा आपण जो आवाज ऐकतो, तो युरी रोदिओनोव्ह या अभिनेत्याचा आहे. गुत्तिएरेचा आवाजही व्हेर्तिन्स्काया यांचा नाही. तो नीना गुरोवा यांचा. आदल्याच वर्षीच्या ‘लाल शिडे’ या चित्रपटातही व्हेर्तिन्स्काया यांच्यासाठी गुरोवाच बोलल्या होत्या. म्हणजे कोट्यवधी प्रेक्षकांनी ज्या प्रेमी युगुलावर जीव लावला, ते पडद्यावर दोघे होते आणि प्रत्यक्षात चौघे.

त्या काळच्या सोव्हिएत चित्रपटांत ही गोष्ट विरळा नव्हती. संवाद बहुतेकदा चित्रीकरणानंतर ध्वनिगृहात मुद्रित केले जात. समुद्रकिनाऱ्यावर वारा आणि लाटा असताना मुद्रित केलेला आवाज तसाही वापरता येत नाही. एकदा आवाज नंतर भरायचा म्हटले, की तो त्याच नटाचा असण्याची तांत्रिक सक्ती उरत नाही. आणखी एक प्रसिद्ध उदाहरण पाहा. तार्कोव्हस्कीच्या ‘सोलारिस’मधील (१९७२) नायक केल्विन म्हणजे लिथुआनियन अभिनेते दोनातास बानिओनिस, त्यांचा आवाज व्लादिमीर झामान्स्की यांचा. त्याच चित्रपटातील स्नाउट रंगविणारे एस्टोनियन अभिनेते युरी यार्व्हेत यांच्यासाठी व्लादिमीर तातोसोव्ह बोलले. या दोघांच्या बाबतीत मातृभाषा वेगळी होती. रशियन उच्चारांतील परकेपणा हा प्रश्न संभवतो. कोरेनेव्ह यांच्या बाबतीत तो संभवत नाही. ते रशियनभाषक, शिवाय नाट्यविद्यालयात वाणीचे रीतसर शिक्षण घेतलेले. तरीही त्यांची वाणी बाजूला ठेवली गेली.

थोडे थांबा आणि विचार करा : तुम्ही साकारलेल्या व्यक्तीचे कौतुक होत आहे, पण ती व्यक्ती बोलू लागली की प्रेक्षकांना तुम्ही ऐकू येत नाही. अशा यशाला तुम्ही कोणाचे यश म्हणाल?

मला स्वतःला याचा एक क्षुल्लक अनुभव आहे. काही वर्षांपूर्वी दूरशिक्षणाच्या विद्यार्थ्यांसाठी मी एक श्राव्य पाठ लिहिला. मुद्रणाच्या दिवशी माझा घसा बसला होता, म्हणून एका व्यावसायिक निवेदकाने तो वाचला. त्याने माझ्यापेक्षा कितीतरी चांगला वाचला. पण ‘मला वाटते’ हे शब्द त्याच्या खर्जात ऐकताना, हे नेमके कोणाला वाटते आहे, असा प्रश्न मला पडला. पुढे एका संपर्कसत्रात एक विद्यार्थिनी म्हणाली, “सर, पाठातला तुमचा आवाज वेगळा वाटतो.” काय उत्तर द्यावे ते मला सुचले नाही.

भाषावैज्ञानिक विवेचन

चिन्हविचारात आपण सोस्यूरची चिन्हक आणि चिन्हित ही जोडी शिकलो. शब्दाचा ध्वनी आणि अर्थ यांचे नाते यादृच्छिक असते. ‘झाड’ या ध्वनीत झाडासारखे काही नसते. परंतु आवाज, म्हणजे एखाद्या व्यक्तीच्या कंठाचा विशिष्ट पोत, हे या प्रकारचे चिन्ह नव्हे. चार्ल्स सँडर्स पर्स या अमेरिकन तत्त्वज्ञाच्या वर्गीकरणात त्याला निर्देशक चिन्ह म्हणता येईल. निर्देशक चिन्हाचे आपल्या न्यायशास्त्रातील नेहमीचे उदाहरण म्हणजे पर्वतावरचा धूर. धूर दिसला की अग्नीचे अनुमान होते, कारण दोहोंत प्रत्यक्ष संबंध असतो. तसेच पलीकडच्या खोलीतून आवाज आला की आपण म्हणतो, “आक्का आली वाटतं.” शब्द कोणते आहेत हे कळण्याआधीच माणूस ओळखला जातो. स्वरतंतूंची लांबी व जाडी, मुखविवराचा आकार, श्वासाची लय या साऱ्यांचा तो ठसा असतो.

दुसऱ्याचा आवाज वापरला जातो तेव्हा हा संबंध तुटतो. पर्वतावर धूर दिसतो, पण अग्नी दुसऱ्याच पर्वतावर असतो. नवल हे, की प्रेक्षकाला ते जाणवत नाही. ओठांची हालचाल आणि ध्वनी यांचा मेळ जमला, की आपले मन दोहोंचा एक माणूस करून टाकते. याला फसवणूक म्हणावे काय? मला तसे वाटत नाही. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत पार्श्वगायनाने आपल्याला याची इतकी सवय लावली आहे, की नायिका गाते म्हणजे कोणी वेगळीच गाते हे आपण बिनतक्रार स्वीकारतो. मात्र ही स्वीकृती आपोआप आली नाही. ‘महल’ (१९४९) या चित्रपटातील ‘आएगा आनेवाला’ या गीताच्या तबकडीवर सुरुवातीला लता मंगेशकर यांचे नाव नव्हते. ‘कामिनी’ असे होते, जे पडद्यावरील पात्राचे नाव. आवाज जिचा, तिच्याऐवजी श्रेय एका काल्पनिक स्त्रीला! पुढे गायकांनी आपले नाव मिळविले. संवादांना आवाज देणारे मात्र बहुतांशी अनामिकच राहिले. रोदिओनोव्ह यांचे नाव किती प्रेक्षकांना ठाऊक असेल?

येथे दोघांचेही काहीतरी हरवले आहे, हे विसरू नये. कोरेनेव्ह यांची वाणी गेली आणि रोदिओनोव्ह यांचा चेहरा गेला. या विषयावर लिहिणारे सहसा पहिल्याच हानीची दखल घेतात. माझ्या मते दुसरी अधिक मोठी आहे.

कथेच्या शेवटी इख्तिआंद्रला तुरुंगात साचलेल्या पाण्यात ठेवतात आणि त्याची हवेत श्वास घेण्याची क्षमता संपत जाते. त्याला कायमचे समुद्रात जावे लागते. प्रियेचा निरोप हे त्याचे हवेतले अखेरचे बोलणे. पाण्याखाली हवेचा प्रवाह नाही, म्हणून मानवी वाणीही नाही. विरहाची ही कथा भाषेच्या दृष्टीने पाहिली तर वाचा गमावण्याची कथा आहे; आणि चित्रपटात ती भूमिका करणारा नट त्या अर्थाने आरंभापासूनच मूक होता.

उत्तरकाळ

एवढ्या यशानंतर कोरेनेव्ह चित्रपटांचे बिनीचे नायक व्हायला हवे होते. तसे झाले नाही. ‘डॉन किहोतेची मुले’ (१९६५) या लोकप्रिय विनोदी चित्रपटात ते दिसले, पण मध्यवर्ती भूमिका अनातोली पापानोव्ह यांची होती. कोरेनेव्ह त्यांच्या मुलांपैकी एक होते. नंतरही ते अधूनमधून पडद्यावर येत राहिले, परंतु इख्तिआंद्रची उंची पुन्हा कोणत्याही भूमिकेने गाठली नाही. व्हेर्तिन्स्काया मात्र १९६४ च्या ‘हॅम्लेट’मध्ये ऑफेलिया झाल्या आणि त्यांचे नाव देशाबाहेर पोहोचले. एका सुंदर चेहऱ्याच्या चौकटीत नट अडकला, असे स्पष्टीकरण नेहमी दिले जाते. ते चुकीचे नाही. पण अपुरे आहे. कारण त्या काळात ते रिकामे बसले नव्हते. १९६१ साली ज्या नाट्यगृहात ते रुजू झाले, तेथेच ते जवळजवळ साठ वर्षे राहिले. पत्नी अलेफ्तिना कॉन्स्तान्तिनोव्हा याही त्याच रंगमंचावरच्या अभिनेत्री. कोरेनेव्ह यांनी विद्यार्थ्यांना अभिनय शिकविला. १९९८ साली त्यांना रशियाचा ‘लोककलावंत’ हा किताब मिळाला.

रंगभूमीवर वाणी उसनी घेता येत नाही. तेथे रोज संध्याकाळी स्वतःच्याच छातीतल्या हवेने बोलावे लागते. म्हणून त्यांच्या कारकिर्दीचा हा दीर्घ, कमी झगमगीत भाग मला पहिल्या भागाइतकाच महत्त्वाचा वाटतो. तो कोट्यवधींनी पाहिला नाही. ज्यांनी पाहिला त्यांनी त्यांना पूर्ण ऐकले.

२०१५ साली या नाट्यगृहाने ‘स्तानिस्लाव्हस्की इलेक्ट्रोथिएटर’ या नव्या रूपात दारे उघडली. दिग्दर्शक बोरिस युखानानोव्ह यांनी मेटरलिंकचे ‘निळा पक्षी’ हे नाटक रंगमंचावर आणले. हेच नाटक १९०८ साली स्वतः स्तानिस्लाव्हस्की यांनी मॉस्को आर्ट थिएटरमध्ये प्रथम सादर केले होते. सुखाचा निळा पक्षी शोधायला निघालेली तिल्तिल आणि मितिल ही दोन लहान भावंडे हे त्यातील नायक. युखानानोव्ह यांनी या दोन बालभूमिका दिल्या कोरेनेव्ह आणि कॉन्स्तान्तिनोव्हा या वृद्ध दांपत्याला. मेटरलिंकच्या संवादांमध्ये त्यांनी या दोघांच्या स्वतःच्या आठवणी गुंफल्या : बालपण, सोव्हिएत काळ, रंगभूमीवरचे आयुष्य. पंच्याहत्तरीच्या उंबरठ्यावरचा नट दहा वर्षांच्या मुलाच्या भूमिकेत उभा राहून आपल्याच तोंडाने आपलेच आयुष्य सांगत होता. ज्याच्या सर्वांत गाजलेल्या भूमिकेला त्याचा आवाज नव्हता, त्याच्या या भूमिकेची बरीचशी संहिताच त्याच्या आवाजातून जन्मली होती.

कोरेनेव्ह यांचे २ जानेवारी २०२१ रोजी मॉस्को येथे कोरोनाच्या आजाराने निधन झाले. ते ८० वर्षांचे होते.

उपक्रम

दुसऱ्या भाषेतून मराठीत डब केलेल्या कोणत्याही चित्रपटाचा दहा मिनिटांचा भाग निवडा. तो प्रथम डोळे मिटून ऐका आणि बोलणाऱ्या व्यक्तीचे वय, प्रदेश, स्वभाव याविषयी तुमचे अंदाज लिहा. नंतर तोच भाग आवाज बंद करून पाहा आणि पुन्हा तेच लिहा. दोन नोंदींत जेथे विसंगती आढळेल, तेथे तुमच्या मनाने प्रथम कोणावर विश्वास ठेवला, कानावर की डोळ्यांवर, हे १५० ते २०० शब्दांत मांडा. आवाज देणाऱ्या कलावंतांची नावे श्रेयनामावलीत सापडतात का तेही पाहा. सापडल्यास आपल्या वहीत उतरून घ्या आणि संपर्कसत्राला येताना ती वही बरोबर आणा.